अँब्रोजचा उभा सांधा

अँब्रोज मेटकाफचं तोंड बंद करायचा प्रयत्न तिघांनी केला. पहिले शाळेतले मास्तर. त्यांनी दोन वर्षांत हात टेकले. दुसरे पाद्रीबाबा. त्यांनी त्याला चर्चच्या घंटा वाजवणाऱ्यांतून काढून टाकलं, कारण दोरी ओढता ओढता कुणाच्या मेंढीला तिळं झालं ते तो शेजारच्याला सांगत बसायचा आणि शेजारच्याची घंटा हमखास चुकायची. घंटा गेली, तोंड होतं तसंच राहिलं. तिसऱ्या लंडनच्या लॉरिमरबाई. त्यांना मात्र चार दिवस यश आलं, आणि त्या चार दिवसांपायी अँब्रोजची पुढचे आठ महिने झोप उडाली.

अँब्रोज गडगे, म्हणजे रानाभोवतीच्या दगडी भिंती, रचायचा. त्याचा बाप रचायचा, आजाही रचायचा. हॅसलगिल गावच्या ओढ्यापासून डोंगराच्या माथ्यापर्यंत जे राखाडी गडगे चढत गेलेत, त्यांतला एखादा दर हिवाळ्यात बर्फाच्या भारानं बसतो, मेंढ्या शेजाऱ्याच्या रानात घुसतात, आणि मग माणसं अँब्रोजच्या दारात येऊन टोपी काढतात. चुना नाही, सिमेंट नाही, नुसता दगडावर दगड. एकदा उचललेला दगड त्या खोऱ्यात कुणी खाली टाकत नाही. जागा सापडेपर्यंत तो हातातच फिरवायचा, ही सगळ्यांचीच रीत. अँब्रोजची जास्तीची रीत अशी, की तेवढा वेळ तो त्या दगडाशी बोलायचा. "नाक कशाला वर करतोस? पालथा हो. अजून थोडा. बसलास ना? मग इतका वेळ काय नखरे चालले होते?" असं दिवसभर. दगड कंटाळून बसतात, असं सेप ऑल्डरसन म्हणायचा. सेप म्हणजे खोऱ्यातला दुसरा गडगेवाला. तो अँब्रोजचा शाळेपासूनचा दोस्त होता आणि शाळेच्या आधीपासूनचा वैरी.

आता गडग्याचं सगळं शास्त्र एवढ्याशा गोष्टीत आहे. वरचा दगड खालच्या दोन दगडांच्या मधोमध बसला पाहिजे, त्यांचा सांधा झाकला गेला पाहिजे. सांध्यावर सांधा आला, त्यावर पुन्हा सांधा आला, की गडग्याच्या अंगावर वरून खाली सरळ रेघ पडते. तिला उभा सांधा म्हणतात. गडगा तिथून फाटतो. यंदा नाही तर वीस वर्षांनी, पण फाटतो. नवशिक्याला उभा सांधा माफ असतो. सेपच्या हातून बारा वर्षांपूर्वी एकदा झाला, तेव्हा तो काही नवशिका नव्हता. अँब्रोजनं पबमध्ये सगळ्यांसमोर त्याच्या बिअरच्या ग्लासावर खडूनं उभी रेघ ओढली, आणि पुढं वर्षभर, सेपचा ग्लास दिसला की ओढली. सेप वाट बघत होता.

अँब्रोजची बायको ॲनिस. तिनं तीस वर्षं खोऱ्यात टपाल वाटलं, पायी. कुठल्या फाटकाची कडी उलटी बसवलीय, कुठलं कुत्रं नुसतं भुंकतं आणि कुठलं न भुंकता चावतं, सगळं तिला पाठ. आठ वर्षांपूर्वी तिची नजर अधू व्हायला लागली आणि दोन हिवाळ्यांत पार गेली. खिडकी कुठं आहे एवढं उजेडावरून कळे, बस. आठवडाभर ती त्या खिडकीशी बसून राहिली. अँब्रोज आयुष्यात पहिल्यांदा काय बोलावं ते न सुचून गप्प होता. आठव्या दिवशी ती म्हणाली, "एरवी तू बडबडतच असतोस. आता जरा कामाचं बडबड. बाहेर काय आहे?"

त्या दिवसापासून तो तिला खोरं सांगायला लागला. चहाला बसले की खिडकीतलं, दुकानात निघाले की रस्त्यावरचं. खालच्या रानात चौदा मेंढ्या आहेत, एक लंगडतेय. कुठल्या पायानं, ती विचारायची. त्यानं ते पाहिलेलं नसायचं. मग ती त्याला परत बघायला लावायची. थ्वेटबाईंनी दाराला हिरवा रंग दिलाय. कसला हिरवा, मटाराचा की बाटलीचा? बाटलीचा. मग ठीक आहे. लोक म्हणायचे, डोळे गेले ते ॲनिसचे, पण बघायला शिकला तो अँब्रोज. खरंच होतं ते. सत्तरीला आलेल्या माणसाला आपल्या गावात टिटव्या नेमक्या कुठल्या रानात उतरतात हे नव्यानं कळत होतं, आणि त्याला त्याचा मनापासून आनंद होत होता.

एकदाच गडबड झाली. सुरुवातीच्या दिवसांत, एका संध्याकाळी, ॲनिस जरा उदास दिसली म्हणून त्यानं तिला आभाळ रंगवून सांगितलं. सोनेरी म्हणाला, गुलाबी म्हणाला, ढगांच्या कडा पेटल्यात म्हणाला. तिनं ऐकून घेतलं. मग खिडकीतून हात बाहेर काढला, आणि आत घेऊन त्याच्या गालाला लावला. हात ओला होता.

"अँब्रोज, मला खोटं आभाळ नको," ती म्हणाली. "पावसाचं असेल तर पावसाचं सांग. मला आता तुझ्याच डोळ्यांनी बघायचंय. ते खोटं बोलायला लागले तर मी खरी आंधळी होईन."

तो शरमला. त्यानं तिला शब्द दिला, आणि सहा वर्षं पाळला.

मग मार्च महिन्यात लॉरिमरबाई आल्या. त्यांना खोऱ्यावर सिनेमा काढायचा होता. गोष्ट नाही, नट नाहीत, कुणी काही समजावून सांगणार नाही. फक्त खोरं, ऋतूमागून ऋतू. पाऊस, मेंढ्या, माणसांचे हात, वारा. उंच, सडपातळ बाई, पायात नवेकोरे बूट. पहिल्याच दिवशी चिखलात गुडघ्यापर्यंत गेल्या आणि हसल्या, तेव्हापासून गावाला आवडल्या. वरच्या माळावर, जिथं मेंढ्यांशिवाय कुणी फिरकत नाही, तिथं सात यार्ड गडगा बर्फानं पाडला होता. अँब्रोज तो रचताना त्यांना हवा होता. अँब्रोज खूश. कॅमेऱ्यासमोर काय काय सांगायचं याची तयारी त्यानं ॲनिसपुढं आठवडाभर केली.

माळावर पोचल्यावर बाईंनी त्याचे दोन्ही हात हातात घेतले आणि म्हणाल्या, "मिस्टर मेटकाफ, माझी एकच विनंती आहे. बोलू नका. मला दगडांचा आवाज हवाय."

"दिवसभर?"

"फक्त कॅमेरा चालू असताना."

पण कॅमेरा कधी चालू असायचा आणि कधी बंद, हे अँब्रोजला कळायचं नाही. कॅमेरावाला कधी दगडामागून डोकवायचा, कधी गवतात पालथा पडलेला असायचा. म्हणून तो सरसकट गप्प राहिला. चार दिवस. दगड उचलायचा आणि तोंड मिटून फिरवत राहायचा. नेहमीचे दगड, पण ओळख नसल्यासारखे वाटायला लागले. बोललं नाही तर कुठला कुठं बसतो ते हाताला सुचेना. डोळे दगडावर, लक्ष तोंडावर, अशी गत. चौथ्या दिवशी संध्याकाळी त्यानं माथ्याचे दगड उभे बसवले, घाम पुसला आणि चार पावलं मागं येऊन पाहिलं.

तिसऱ्या थरापासून माथ्यापर्यंत उभा सांधा होता. ओळंबा सोडून आखल्यासारखा.

तो तिथंच गडगा उतरवायला निघाला, पण बाई आडव्या आल्या. एप्रिलमध्ये त्यांना याच गडग्यासमोर कोकरं हवी होती, जूनमध्ये गवत, आणि मधेच गडगा बदललेला कसा चालेल? त्यांना त्यात सरळ सुंदर रेघ दिसत होती, दुसरं काही नाही. सिनेमा होईपर्यंत हात लावू नका म्हणाल्या. ही रेघ म्हणजे नाक कापणं आहे, हे त्यांना सांगायचं तर आधी ते तोंडानं कबूल करायला हवं होतं. अँब्रोजनं मान डोलावली आणि हत्यारांची पिशवी उचलली.

घरी ॲनिसनं चहा ओतला. कप भरत आला की कळावं म्हणून ती कडेवर बोट ठेवायची. तिनं विचारलं, "झाला गडगा? कसा झालाय?"

"बरा झालाय," अँब्रोज म्हणाला.

एवढंच. दोन शब्द. पण ते बोलताना तो खिडकीबाहेर बघत होता, आणि आपण तिकडं का बघतोय हे त्याचं त्यालाच कळत होतं. उद्या सांगू, तो मनाशी म्हणाला. उद्या मेंढ्या व्यायल्या. मग गवताची कापणी आली. असली गोष्ट पहिल्या दिवशी सांगितली तर चूक असते, महिन्यानं सांगितली तर फसवणूक होते, आणि चार महिन्यांनी तर ती कशी सुरू करायची तेच समजत नाही. तीनदा त्यानं तोंड उघडलं आणि तिन्हीदा मेंढ्यांबद्दल बोलला. गावातलं कुणी तिकडं वर जात नव्हतं, हे एक बरं होतं. लॉरिमरबाई मात्र दर महिन्या-दोन महिन्यांनी येत राहिल्या. जूनमध्ये एकदा त्यांनी ॲनिसलाही दिवसभर गाडीतून फिरवून आणलं, टपालाच्या जुन्या वाटा दाखव म्हणून. ॲनिस उन्हानं लाल होऊन, हसत परत आली. कुठं कुठं गेला होतात, अँब्रोजनं विचारलं. सगळीकडं, ती म्हणाली.

नोव्हेंबरात सिनेमा तयार झाला, आणि बाईंनी ठरवलं की तो सगळ्यांत आधी हॅसलगिलनं बघायचा. शनिवारी दुपारी तीन वाजता, गावच्या हॉलमध्ये. हॉलच्या चिटणीस थ्वेटबाई. त्या खास घरी येऊन अँब्रोजला बजावून गेल्या की हा नुसता बघायचा सिनेमा आहे, लंडनची दोन माणसं येणार आहेत, तेव्हा तोंड बंद ठेवणार असशील तरच ये.

हे अँब्रोजच्या पथ्यावरच पडलं. तो ॲनिसला म्हणाला, बोलायचंच नाही तर जाऊन काय करायचं, त्यापेक्षा घरीच बसू. घशातही जरा खवखवतंय.

ॲनिस निळ्या कोटाची बटणं चाचपत होती. सहा वर्षांत तिनं तो कोट घातला नव्हता. "मला सिनेमा बघायचाय," ती म्हणाली. "तू कानात सांग. थ्वेटबाईंना मी बघते."

त्या कोटापुढं त्याचं काय चालणार? निघाले दोघं. वाटेत त्यानं रस्ता सांगितला, पण त्रोटक. डावीकडच्या रानात किती मेंढ्या आहेत, हे तिला विचारावं लागलं.

हॉलच्या खिडक्यांना घोंगड्या लावल्या होत्या, भिंतीवर पडदा म्हणून थ्वेटबाईंची दुहेरी चादर, मागच्या टेबलावर चहाची मोठी किटली आणि आल्याचा केक, सोबत चीजचे तुकडे. सेप ऑल्डरसन पहिल्याच रांगेत पाय पसरून बसला होता. अँब्रोजनं ॲनिसला शेवटच्या रांगेत कोपऱ्यात नेलं. दिवे गेले, यंत्र घरघरलं.

"पाऊस," अँब्रोज तिच्या कानात म्हणाला. "खरा पाऊस, तिरका. ओढ्यावरचा पूल. पुलावरून कुणीतरी सायकल ढकलत चाललंय. पाद्रीबाबा आहेत. चाक पंक्चर दिसतंय."

ॲनिस हसली. पुढच्या रांगेतून कुणीतरी श्श केलं. पडद्यावर कोकरं आली. "हा टॉम रॉचा मेंढा, त्याला कळत नाहीये ही सगळी पोरं आपलीच आहेत म्हणून. आता थ्वेटबाई कपडे वाळत घालतायत. वारा आहे. चादर उडून डोक्यावर गेली. आतून शिव्या देत असणार, पण आवाज काढून टाकलाय." पुढच्या रांगेतले खांदे हलायला लागले. मग श्श करणारीच बाई मागं वळून कुजबुजली, काय म्हणाला, काय म्हणाला? एक खुर्ची मागं सरकली, मग दुसरी. थ्वेटबाई उठून तरातरा यायला निघाल्या, तर लॉरिमरबाईंनी त्यांचा दंड धरला आणि मान हलवली. त्या स्वतः भिंतीला टेकून, डोळे मिटून अँब्रोजचं ऐकत होत्या. अँब्रोज आता कानात सांगत नव्हताच. त्याला रंग चढला होता. अख्खा हॉल त्याच्या तोंडून आपलंच गाव बघत होता आणि हसून हसून बेजार होत होता. ॲनिसनं त्याचा हात घट्ट धरला होता. घरचा उंबरा ओलांडल्यापासून पहिल्यांदाच तो गडगा विसरला.

आणि गडगा आला.

भिंतभर आला. सकाळचं ऊन एका बाजूनं पडलेलं, त्यामुळं एकेक सांधा काजळानं आखल्यासारखा. अँब्रोज थांबला. पहिल्या रांगेत सेपचं डोकं हळूहळू पुढं झुकलं.

"काय झालं?" ॲनिसनं विचारलं. "काय आहे आता?"

गडगा, असं म्हणून सुटता आलं असतं. छान ऊन पडलंय म्हणता आलं असतं, आणि ते खोटंही नव्हतं. त्याच्या हातातला तिचा हात उबदार होता, आणि तो हात वाट बघत होता.

"गडगा आहे, ॲनिस," अँब्रोज म्हणाला. आवाज लहान करायला गेला, पण हॉल इतका शांत होता की काही उपयोग नव्हता. "वरच्या माळावरचा. माझा. तिसऱ्या थरापासून माथ्यापर्यंत उभा सांधा आहे त्यात. तुला बरा झालाय म्हणालो होतो. बरा नाही झालेला. मी तुला खोटं सांगितलं, आठ महिने झाले."

सेप ऑल्डरसन उठला, त्याची भलीमोठी सावली गडग्यावर पडली, आणि त्यानं कोटाच्या आतल्या खिशातून खडूचा तुकडा काढला. बारा वर्षं हा माणूस खडू खिशात घेऊन फिरत होता. हॉल हशानं फुटला. म्हाताऱ्या डोळे पुसत होत्या, पाद्रीबाबा खुर्चीवर थापा मारत होते, लंडनची दोन माणसं एकमेकांकडं बघत होती. अँब्रोजला हसू येत नव्हतं. तो ॲनिसच्या चेहऱ्याकडं बघत होता. तिचा चेहरा पडद्याच्या दिशेला होता, आणि त्यावरून काही कळत नव्हतं.

हसणं एकाएकी थांबलं. अँब्रोजनं मान वळवली. पडद्यावर तोच गडगा होता, पण आता जवळून, आणि उन्हाळ्याचा, दगडांच्या पायाशी गवत. दगडांवरून एक हात सरकत होता. म्हातारा, शिरा आलेला हात. तो थरामागून थर चाचपत आडवा गेला, एका जागी अडला, थोडा मागं आला. मग एक बोट सांध्यात शिरलं आणि त्या रेघेवरून सावकाश खाली उतरलं, तिसऱ्या थरापर्यंत, आणि तिथं दोनदा टकटक केलं.

"आता सांग," ॲनिस म्हणाली. "आता काय दिसतंय?"

"हात आहे," अँब्रोज म्हणाला. "तुझा हात आहे."

"हं. जूनमधला. तेव्हापासून वाट बघतेय, कधी सांगतोस याची." मग जरा थांबून म्हणाली, "सेपला म्हणावं, रेघ सरळ ओढ. तुझ्या गडग्यातली सरळच होती."

सेपनं रेघ ओढली, अँब्रोजच्या रविवारच्या कोटावर, मानेपासून कमरेपर्यंत. अँब्रोज मुकाट उभा राहिला. ॲनिस इतकी हसली की तिला पाणी द्यावं लागलं. मग सगळ्यांनी केक खाल्ला, आणि लॉरिमरबाई अँब्रोजपुढं येऊन उभ्या राहिल्या. त्यांनी माफी मागितली. म्हणाल्या, मी इतके महिने चित्रं गोळा केली, आणि ती बघायची कशी ते आज कळलं. हा सिनेमा त्यांना पुन्हा लावायचा होता, आणि या वेळी अँब्रोजनं तो पहिल्यापासून शेवटपर्यंत सांगायचा होता, जसा ॲनिसला सांगितला तसाच. उभ्या सांध्यासकट का, अँब्रोजनं विचारलं. त्यासकट, बाई म्हणाल्या. त्यानं ॲनिसकडं पाहिलं आणि बरं म्हटलं.

सोमवारी सकाळी दोघं माळावर गेले. लॉरिमरबाई आल्या, पण कॅमेरा न आणता. सेप आला. मदतीला नाही, बघायला आलोय, म्हणाला, आणि दहा मिनिटांत कोट काढून कामाला लागला. सगळा गडगा तिसऱ्या थरापर्यंत उतरवला. ॲनिस उलट्या बादलीवर बसून दगड हातात घ्यायची, वजन बघायची, कडा चाचपायची आणि अँब्रोजला द्यायची. अँब्रोज बोलत होता. दगडांशी, सेपशी, बाईंशी, वरून जाणाऱ्या कावळ्यांशी. आठ महिन्यांचं तुंबलेलं सगळं बाहेर पडत होतं, आणि दगड आपापल्या जागी बसत होते. दुपार कलली तेव्हा माथ्याचा शेवटचा दगड लागला.

ॲनिस उठली. गडग्याच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत हात फिरवत गेली. सात यार्ड. मग परत आली, त्याच चालीनं, एक थर खाली. अँब्रोज तिच्या बोटांकडं बघत राहिला.

"बरा झालाय," ती म्हणाली. मग तोंड वर करून विचारलं, "आभाळ कसं आहे?"

अँब्रोजनं नीट बघून घेतलं.

"पावसाचं," तो म्हणाला. "चल, भिजायच्या आत उतरू."